पाच नंबरचं बटण

बंद पडलेला फोन घेऊन कोणी आलं, की दुसरा कुठलाही दुकानदार विचारील, ‘काय झालं?’ रेडिओमामा विचारायचे, ‘दोनवर कोन?’

नवखं गिऱ्हाईक गोंधळायचं. जुनं मात्र पाढे म्हटल्यासारखं घडाघडा सांगायला लागायचं, ‘दोनवर पोरगी, तीनवर भाव, चारवर भातगिरणी, पाचवर कोन नाय, सहावर डॉक्टर.’ मामा कागदावर आठ चौकोन आखून त्यांत एकेक माणूस बसवायचे. चष्म्याची एक काडी तुटलेली, तिथं दोरा बांधलेला. तो दोरा कानामागं सारत सारत हे काम इतकं सावकाश चालायचं, की मागं उभ्या असलेल्या माणसाला वाटावं, इथं फोन दुरुस्त होतो की लग्नाची यादी?

बटणवाल्या फोनमध्ये दोनपासून नऊपर्यंतचा एकेक आकडा एकेका माणसाला देऊन ठेवता येतो. आकडा दाबून धरला की त्याला फोन लागतो. तुमच्याआमच्या हातात मोठे फोन आले आणि ही सोय आपण विसरूनही गेलो. पण ज्यांना अक्षर लागत नाही त्यांच्या लेखी फोन म्हणजे एवढाच, आठ बटणं आणि आठ माणसं. गडबची, वडखळची, आतल्या गावांतली कितीतरी शेतकरी माणसं त्या आठ बटणांवर संसार करत होती, आणि त्या बटणांची काळजी वाहणारा माणूस पेणच्या रामवाडीत हायवेच्या कडेला दहा बाय आठच्या गाळ्यात बसलेला होता.

मामा मूळचे रोह्याकडचे. तरुणपणी पेणला आले ते रेडिओ दुरुस्त करायला. पुढं रेडिओ गेले, टेपरेकॉर्डर आले आणि गेले, मोबाईल आले, पण लोकांनी त्यांचं नाव काही बदललं नाही. ‘फोन बिघडला, रेडिओमामाकडे टाकलाय’ हे वाक्य पेणमध्ये कोणालाच विचित्र वाटत नसे. शिक्षण सातवीपर्यंत. मोबाईलचं काम पनवेलच्या एका पोराकडून आठवड्याभरात शिकून आलेले. त्या पोरानं सांगितलेल्या सगळ्या पायऱ्या त्यांनी टेबलावरच्या भिंतीवर खडूनं लिहून ठेवल्या होत्या: ‘केबल लावने. बटन दाबून धरने. रीड. सेव. थांबने. मग राईट.’ त्यातलं ‘थांबने’ पनवेलच्या पोराचं नव्हे, मामांचं स्वतःचं होतं.

मी त्यांच्याकडे कामाला लागले तेव्हा चोवीस वर्षांची होते. इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा झालेला. वडील शाळामास्तर, चुलते शाळामास्तर, गावाकडची जमीन कसायला दिलेली. अशा घरातली मुलगी मोबाईलच्या गाळ्यात काम करते हे सांगायला घरी कोणाची जीभ वळत नव्हती. माझी तर त्याहून नाही. रोह्याच्या एका कारखान्यातली माझी कंत्राटी नोकरी संपली होती, घरी बसून आईशी रोज भांडणं होत होती, म्हणून ‘चार महिने बघू’ म्हणत मी आत शिरले आणि तीन वर्षं राहिले. मामांनी पहिल्याच दिवशी माझं नाव टाकून दिलं. मला ते ‘डिप्लोमा’ म्हणायचे. ‘काय डिप्लोमा, आलीस काय गो? चाय ठेव.’ ती चेष्टा होती, पण तिच्यात खोट नव्हती. कोणी अवघड फोन आणला की ते गिऱ्हाइकाला अभिमानानं सांगायचे, ‘आमची डिप्लोमा बघील. ती शिकलेली हाय.’

शिकलेली असल्यामुळेच मला मामांचा सावकाशपणा सहन व्हायचा नाही. हे साधे फोन मधूनच खुळावतात. चालू केला की कंपनीचं नाव दिसतं आणि गाडी तिथंच थांबते. उपाय एकच, आतलं सॉफ्टवेअर पुसून नवं भरायचं. धंद्यात त्याला ‘सॉफ्टवेअर मारणं’ म्हणतात. केबल लावायची, मॉडेलची बरोबर फाईल निवडायची आणि ‘राईट’वर क्लिक करायचं. पाच मिनिटांत फोन नव्यासारखा. नव्यासारखा म्हणजे अगदी कोरा. फोनमध्ये साठवलेले नंबर जातात आणि बटणांवर बसवलेली माणसंही जातात.

म्हणून मामा आधी ‘रीड’ करायचे. फोनच्या पोटात जे काही असेल ते जसंच्या तसं कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायचं, त्यातून नंबर काढायचे, चौकोनांशी ताडून बघायचे आणि मगच पुसायला घ्यायचं. आमचा कॉम्प्युटर इतका म्हातारा, की ते वाचन चाळीस-पंचेचाळीस मिनिटं चालायचं. समोरच्या दुकानात तेवढ्या वेळात पाच फोन उरकायचे. मी हे मामांना हिशेबानिशी पटवून द्यायचा प्रयत्न केला. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, ‘फोन जिता करना सोपा हाय गो. त्याची मानसा त्याला परत देना कठीन.’ मग उठून माझ्यासाठी बिस्किटं आणायला गेले.

दुरुस्त झालेला फोन ते तसाच कधी देत नसत. गिऱ्हाइकानं दुकानाच्या पायरीवर उभं राहून दोन दाबायचा आणि बोलून दाखवायचं, ही अट. लोक लाजायचे. काय बोलायचं सुचायचं नाही. मामा आतून ओरडायचे, ‘अरे, जेवलीस काय विचार!’ त्यामुळं आमच्या पायरीवर दिवसभर सगळे एकमेकांना जेवलास काय, जेवलीस काय विचारत असायचे. सकाळी दहा वाजताही. मला तेव्हा हसू यायचं. घरी जाऊन मी त्याची नक्कलही करायचे, आणि शाळामास्तरांचं आमचं घर पोट धरून हसायचं. त्या नकलेची मला आज लाज वाटते, पण ती लाज फार किरकोळ आहे. मोठी पुढं यायची आहे.

एकदा पुण्याची माझी आत्या अचानक गाळ्यासमोर उभी राहिली. तिच्या फोनचा चार्जर हवा होता. घरच्यांनी तिला मी कारखान्यात असल्याचं सांगितलेलं. मला काय करावं सुचेना. मी काउंटरच्या आतून बाहेर आले, हातातला कोणाचा तरी उघडा फोन पुढं धरला आणि म्हणाले, ‘अगं आत्या, तू इथं? मी फोन दुरुस्तीला टाकायला आलेय.’ मामांनी माझ्याकडे एकदाच पाहिलं. मग चष्म्याचा दोरा सारखा केला आणि म्हणाले, ‘ताई, तुमचा फोन संध्याकाळपर्यंत देतो. आत्ता गर्दी हाय, माफ करा.’ मला ‘तुम्ही’ म्हणाले. आत्या गेल्यावर मी मान खाली घालून परत आत आले, तर म्हणाले, ‘चाय थंड झाली तुजी.’ त्यापलीकडे एक अक्षर नाही, त्या दिवशीही नाही आणि नंतरही नाही. माणूस आपल्याला इतकं सांभाळून घेतो, हे कळल्यावर मी शहाणं व्हायला हवं होतं. मी उलट निर्धास्त झाले.

गणपती पंधरा दिवसांवर आले होते. पेणमध्ये या दिवसांत कोणाला श्वास घ्यायला फुरसत नसते. कारखान्याकारखान्यांतून मूर्ती बाहेर पडत असतात, टेम्पो उभे असतात आणि फोन मात्र नेमके तेव्हाच बिघडतात. बटणांत शाडू गेलेला, स्पीकरमध्ये रंग गेलेला. अशा गर्दीत मामांना रोह्याला जावं लागलं, बहिणीला दवाखान्यात ठेवलं होतं म्हणून. जाताना भिंतीकडे बोट दाखवून म्हणाले, ‘तेवढा विसरू नको गो.’

दुपारी गडबच्या हिरामावशी आल्या. साठीच्या आतबाहेरची बाई, शेतात राबून काटक झालेली. आमचं जुनं गिऱ्हाईक नव्हे, पहिल्यांदाच येत होत्या. फोन कंपनीच्या नावावर अडकलेला. ‘बाय, आत्ताच्या आत्ता हवा गो,’ म्हणाल्या, ‘साडेतीनची गाडी हाय.’ मी दोनवर कोण हेही विचारलं नाही. माझ्यासमोर सात फोन पडले होते. केबल लावली. ‘रीड’चं बटण ‘राईट’च्या अगदी शेजारी होतं. चाळीस मिनिटं, माझ्या मनात आलं, या एका फोनसाठी! आणि मी सरळ ‘राईट’वर क्लिक केलं. पाच मिनिटांत फोन सुरू झाला. खरं सांगते, मला स्वतःचं कौतुक वाटलं.

हिरामावशींनी फोन हातात घेतला आणि अंगठ्यानं पाच नंबर दाबून धरला. कानाला लावला. परत बघितला. परत दाबला. ‘याच्यात कोन नाय गो,’ म्हणाल्या. मी म्हटलं, ‘मावशी, सॉफ्टवेअर मारलं की जातंच ते. घरून कोणाकडून तरी नंबर घेऊन या, मी टाकून देते. एवढं काय त्यात!’ पायरीवर उभ्या राहून तो पाच नंबर त्यांनी आणखी चार-पाच वेळा दाबला. साडेतीनची गाडी निघून गेली तरी त्या तिथंच होत्या. मग कधीतरी गेल्या. मी बघितलंही नाही.

दुसऱ्या दिवशी मामा आले आणि त्यांच्या पाठोपाठ हिरामावशी आल्या. आज त्या माझ्याशी बोलल्या नाहीत. मामांच्या टेबलाशी बसल्या आणि खालच्या आवाजात सांगायला लागल्या. मी पाठमोरी होते, पण गाळा दहा बाय आठचा, सगळं ऐकू येत होतं. पाचवर त्यांची धाकटी मुलगी होती. तिनं परजातीत लग्न केलं म्हणून हिरामावशींच्या नवऱ्यानं आणि मोठ्या मुलानं तिचं नाव टाकलं होतं. घरात कोणाकडे तिचा नंबर नव्हता. कोणी ठेवला असता तर दुसऱ्यानं पुसला असता. एकट्या आईकडे होता, तोही नावाशिवाय. शेतावर एकट्या असल्या की त्या पाच दाबायच्या. मुलीनं उलटा फोन करायचा नाही असं दोघींचं ठरलेलं, कारण घरी फोन कोणाच्याही हातात असायचा. सिमकार्ड मुलाच्या नावावर, तेव्हा कंपनीकडे विचारायचं तर त्यालाच न्यायला हवं.

‘सातवा लागलाय तिला,’ हिरामावशी म्हणाल्या. ‘पयलाच हाय. सासू नाय, कोन नाय. कवा काय लागला तर मला विचारते. आता ती वाट बघल आनि म्हनल, आयनंपन टाकला.’

मामांनी माझ्याकडे वळून विचारलं, ‘रीड केला होतास ना गो?’

मी म्हणाले, ‘हो. केलं होतं. फाईल खराब आली असणार.’

इतकं सोपं होतं ते. शब्द आपोआप तोंडातून बाहेर आले, आवाजही कापला नाही. मामा क्षणभर माझ्याकडे बघत राहिले. मग हिरामावशींकडे वळून म्हणाले, ‘चूक माजी हाय, बाय. दुकान माजा हाय. मी नंबर शोधून देतो.’ त्या संध्याकाळी गिऱ्हाइकं गेल्यावर ते बराच वेळ कॉम्प्युटरसमोर बसले होते. मी जीव मुठीत धरून फोनची झाकणं लावत होते. शेवटी उठले आणि म्हणाले, ‘नाय सापडत.’ मी सुटकेचा निःश्वास टाकला.

हिरामावशींना मुलीचा पत्ता माहीत नव्हता. माहीत होतं ते एवढंच, की जावई कोलाडला हायवेवरच्या कुठल्याशा हॉटेलात जेवण बनवतो. मामांनी त्यावर काम सुरू केलं. दर रविवारी, आमच्या सुट्टीच्या दिवशी, साठीला टेकलेला हा माणूस सकाळची एसटी पकडून कोलाडला जायचा आणि हायवेकडेच्या हॉटेलांतून विचारत फिरायचा. सोमवारी मी विचारायचे, ‘मिळाला का पत्ता?’ काळजी असल्यासारखं विचारायचे. तशी ती होतीही, पण मुलीची किती आणि माझी किती हे मला नीट सांगता येणार नाही. मामा म्हणायचे, ‘एका हॉटेलवाल्यानं वळखला. पन तो तिथून काम सोडून गेला म्हनतो.’ गणपती आले आणि गेले. भातकापणी झाली. दिवाळी झाली. सातव्याचा आठवा आणि आठव्याचा नववा होऊन गेला असणार, हे मोजायला डिप्लोमा लागत नव्हता.

असं नाव घेत फिरलं की त्याची वाच्यता होतेच. दिवाळीनंतर एका दुपारी हिरामावशींचा मोठा मुलगा दोन माणसांना घेऊन गाळ्यावर आला. कोलाडच्या कोणीतरी त्याला कळवलं होतं.

‘आमच्या घरातल्या पोरीचा नाव घेऊन तू हॉटेला हॉटेला का फिरतोस?’ त्यानं विचारलं. ‘तुला कोनी सांगितला? आयनं?’

मला वाटलं, आता संपलं. हिरामावशींचंही आणि माझंही. मामा शांतपणे म्हणाले, ‘तुजी आय कोन? मी वळखत नाय. त्या पोरीचा फोन माज्याकडे दुरुस्तीला होता. ती न्यायला आली नाय. दुसऱ्याची वस्तू हाय, म्हनून शोधतोय.’

त्यानं मामांची कॉलर धरली. काउंटरवरचे उघडे फोन खाली पडले, स्क्रू चारी दिशांना गेले. मामांच्या सदऱ्याचं वरचं बटण तुटलं, चष्मा एका कानावर लोंबायला लागला. रस्त्यावर माणसं जमली. ‘म्हातारा हाय म्हनून सोडतो,’ असं म्हणून त्यानं एक थोबाडीत दिली आणि गेला. मी काउंटरच्या आत उभी होते. हात लांब केला असता तर मामांना लागला असता, इतकी जवळ. एक वाक्य बोलायचं होतं, ‘यांची चूक नाही, माझी आहे.’ ते बोलून भांडण थांबलं असतं असंही नाही. पण बोलायला हवं होतं. मी स्क्रू वेचायला खाली बसले. माणसं पांगेपर्यंत वेचतच राहिले.

मामांनी चष्मा सारखा केला आणि म्हणाले, ‘बारके स्क्रू काळ्या डबीत टाक. मिसळू नको.’

त्यांनी खोटं बोलून एका बाईला वाचवलं होतं आणि मी खोटं बोलून स्वतःला. हा विचार मला त्या वेळी सुचला असं म्हणायला आवडलं असतं. त्या वेळी मला एवढंच वाटलं, की बरं झालं, माझ्यावर आलं नाही.

पुढच्या रविवारीही मामा गेले. शेतात वाल फुलायला लागले होते तेव्हा एका सोमवारी ते हसत आले. मुलगी सापडली होती. कोलाडच्या पुढं, टायरच्या दुकानामागच्या एका खोलीत. तिला मुलगी झाली होती, दोन महिन्यांची. ‘नाक आजीवर गेलाय,’ एवढंच मामा म्हणाले. बाकीचं पुढं हिरामावशींनी सांगितलं. आईचा फोन यायचा बंद झाल्यावर त्या मुलीला वाटलं होतं, घरच्यांना कळलं आणि आईनंही हात धुतले. बाळंतपणाच्या आदल्या दिवशी राहवलं नाही म्हणून तिनं ठरलेलं मोडून एकदा फोन केला, तर भावानं उचलला. तिनं कापला. बाळंतपण शेजारणीनं केलं.

मामांनी तो नंबर पुन्हा पाचवर बसवला आणि हिरामावशींना पायरीवर उभं केलं. ‘जेवलीस काय विचार’ हे त्या दिवशी त्यांना सांगावं लागलं नाही. हिरामावशींनी तेच विचारलं. मी आत चहा ठेवत होते. त्या डोळे पुसत आत आल्या आणि माझ्या पाठीवरून हात फिरवून म्हणाल्या, ‘तू कशाला रडतेस गो? तुजा काय चुकला?’

मी तेव्हाही गप्प बसले.

वर्षभरानं माझं लग्न ठरलं आणि मी रोह्याला आले. पुढं हायवे रुंद झाला त्यात मामांचा गाळा गेला. तेही रोह्याला मुलाकडे राहायला आले. तोवर मी इथं माझं दुकान टाकलं होतं, चांगलं काचेचं काउंटर असलेलं. मामा आठवड्यातून दोनदा येऊन बसायचे, मला गिऱ्हाइकांसमोर डिप्लोमा म्हणायचे. एक दिवस त्यांचा स्वतःचा बटणवाला फोन कंपनीच्या नावावर अडकला. ‘कर गो,’ म्हणून माझ्यापुढं ठेवला. मी केबल लावली आणि रीडवर क्लिक केलं. माझा कॉम्प्युटर नवा, तरी दहा मिनिटं होती. पडद्यावर हिरवी पट्टी हळूहळू सरकत होती आणि आम्ही दोघं तिच्याकडे बघत होतो. का कोण जाणे, तेव्हा माझ्या तोंडून निघालं, ‘मामा, गडबच्या त्या फोनचं मी रीड केलंच नव्हतं.’

मामांनी पट्टीवरची नजर हलवली नाही. ‘म्हाईत हाय,’ म्हणाले.

‘कधीपासून?’

‘त्याच संध्याकाळी. किती वाजता काय केला ता कंप्युटर सगळा लिवून ठेवतो गो. तुमच्या डिप्लोमात नाय शिकवला?’

‘मग तुम्ही बोलला का नाहीत?’

‘तू बोलशील म्हनून,’ मामा म्हणाले. ‘लय उशीर लावलास.’

मला रडू फुटलं. मी माफी मागायला लागले. तेव्हा मात्र ते माझ्याकडे वळले, आणि त्यांना चिडलेलं मी आयुष्यात त्या एकदाच पाहिलं. ‘माजी कशाला मागतेस? माजा काय गेला? जिचा गेला तिला जाऊन सांग.’ त्यांचं काय गेलं हे मी डोळ्यांनी बघितलं होतं. पण ते त्यांच्या लेखी जमेतच नव्हतं. मी म्हटलं, ‘जाते.’ ‘कदी?’ ‘या रविवारी.’

तो रविवार गेला. मामांनी पुढच्या आठवड्यात विचारलं, मी काहीतरी कारण सांगितलं. त्यानंतर एकदा विचारलं. मग विचारायचं सोडून दिलं. दुकानात यायचे, चहा घ्यायचे, बोलायचेही, पण मला डिप्लोमा म्हणणं बंद केलं. नावानं हाक मारायला लागले. इतक्या वर्षांत त्यांना माझं नाव माहीत आहे हेच मला ठाऊक नव्हतं.

गेल्या श्रावणात मामा गेले. चार दिवस तापाचं निमित्त झालं. त्यांचे दिवस झाल्यावर मी गडबला गेले.

हिरामावशींचं घर हायवेपासून आत, शेतांच्या कडेला. नवरा वारलेला, मोठा मुलगा निवळलेला. मुलगी आता माहेरी येते. आठ वर्षांची नात अंगणात खेळत होती, मामा म्हणाले होते तसं नाक आजीवर गेलेलं. मामा गेल्याचं मी सांगितलं. हिरामावशी खाली बसल्या. पदर तोंडाला लावला. मग म्हणाल्या, ‘द्येवमानूस होता. एकच काम बिघाडला त्याच्या हातून, माजाच. पयला बाळंतपन पोरीचा, माज्या हातचा आळीव नाय तिला, डिंक नाय, शेकशेगडी नाय. तेवढा एक मनातून जात नाय बघ. पन त्याला कवा बोलून दावला नाय. किती फिरला बिचारा त्या एका चुकीपायी.’

मी हे सांगायलाच आले होते. रोह्याहून येताना एसटीत वाक्य तयार केलं होतं, पाठही केलं होतं. हिरामावशी माझ्याकडे बघत होत्या. त्यांना वाटलं असावं, मी मामांच्या आठवणीनं गहिवरलेय. मी मान हलवली आणि म्हणाले, ‘हो. फार फिरले.’

मग चहा झाला. निघताना त्यांनी मला पिशवीभर वाल दिले, ‘मामाच्या दुकानातली पोर’ म्हणून. मी ते घेतले.

हे लिहायला मला दोन दिवस लागले, पण फारसं धाडस लागलं नाही, हेही सांगून टाकते. ज्या दोघांनी हे वाचायला हवं, त्यांतले एक आता नाहीत. आणि हिरामावशींना वाचता येत नाही.